शीळच्या तबेल्यामागचं ब्रोम: चार गुंठ्यांतल्या एका प्रयोगाचा अभ्यास

जानेवारीच्या दुसऱ्या आठवड्यात शीळफाट्याजवळच्या एका तबेल्यातून मला फोन आला. फोन करणारे काका माझ्या एका जुन्या विद्यार्थिनीचे सासरे. म्हणाले, "बाई, तुम्ही गवताच्या ना? एकदा येऊन बघा. माझं कॅनडाचं गवत अर्धं माजलंय आणि अर्धं काही केल्या उठत नाही."

मी वनस्पतिशास्त्र शिकवते आणि गवतं हा माझा जिव्हाळ्याचा विषय. ठाण्यात राहून गवतावर काम करते म्हटलं की लोकांना नवल वाटतं, पण पारसिकच्या डोंगरावर पावसाळ्यात जितक्या जातींचं गवत उभं राहतं तितकं बघायला एक जन्म पुरत नाही. तरी त्यांचं ते गवत म्हणजे ब्रोम, थंड मुलुखातलं चाऱ्याचं गवत, आणि ते शीळला उगवलंय हे ऐकून मी चपापले. हे गवत मी वाळवलेल्या नमुन्यांतच पाहिलं होतं. ज्या हवेत ते वाढतं ती हवा आपल्याकडे वर्षातला एक महिनाही नसते.

तबेला लहान. चार म्हशी, दोन संकरित गायी, एक पारडी. मागे चार गुंठे जागा आणि तिच्या कडेने डोंगरातून येणारा नाला. चाऱ्याचं गणित सरळ होतं. पावसाळ्यात काकू आणि त्यांची सून बांधावरचं, रस्त्याकडेचं हिरवं कापून आणतात. दिवाळीनंतर भाताचा पेंढा आणि मुरबाड-वाड्याकडून येणारं सुकं गवत, जोडीला सरकी पेंड आणि चुणी. होळी झाली की हिरवं म्हणून काडी मिळत नाही. दूध उतरतं, फॅट खाली येतं, म्हशी वेळेवर माजावर येत नाहीत. काकांना नडत होते ते हे तीन महिने.

त्यांचा भाचा कॅनडातल्या सॅस्काटूनला नोकरीला. तिथल्या एका गोठ्यात त्याने गुरांना ब्रोमचं वाळलेलं गवत खाताना पाहिलं. मऊ, पानांनी भरलेलं, हिरव्या वासाचं. एकदा लावलं की वर्षानुवर्षं टिकतं, प्रथिनं भरपूर, असं त्याला सांगण्यात आलं, आणि ते खरंच होतं. मामाची अडचण त्याला लहानपणापासून ठाऊक. येताना त्याने बॅगेतून दोन किलो बी आणलं.

इथेच एक गोष्ट बोलून टाकते, कारण ती मी काकांनाही त्याच दिवशी बोलले. परदेशातून बी असं आणायचं नसतं. २००३ च्या वनस्पती विलग्नवास आदेशानुसार त्याला आयात परवाना आणि पाठवणाऱ्या देशाचं रोगमुक्ततेचं प्रमाणपत्र लागतं. हा नुसता कागदी सोपस्कार नाही. बियांबरोबर बुरशी येते, तणाचं बी येतं. आणि ब्रोम स्वतःही कमी नाही. युरोप आणि समशीतोष्ण आशियातून ते १८८० च्या दशकात अमेरिकेत गेलं, चारा म्हणून लाडकं झालं आणि कुंपण ओलांडून तिथल्या मूळच्या माळरानात घुसलं. आज तिथले लोक ते काढण्यासाठी राबतात. भाच्याच्या मनात प्रेमाखेरीज काही नव्हतं, याबद्दल मला शंका नाही. तरीही ते चुकलंच.

जे माजलं होतं ते

काका मला आधी नाल्याकाठच्या पट्ट्याकडे घेऊन गेले. गुडघाभर हिरवंगार गवत, एकमेकांत गुंतलेलं. "दोनदा कापलं. म्हशी तुटून पडतात. शेजारच्या दोघांनी बी मागितलंय."

मी एक काडी उपटायला गेले तर ती उपटेना. आडवी पडलेली काडी पेराशी मुळं धरून बसली होती. पेरावर पांढरी दाट लव. पानाचा खालचा भाग काडीला जिथे गुंडाळलेला असतो, त्या खोळीच्या कडा नखाने सरकवल्या तर एकावर एक नुसत्या टेकलेल्या, सहज उघडणाऱ्या. हे पॅरा गवत होतं, मूळचं आफ्रिकेतलं, पाणथळ जागेचं सोबती. मुंबईच्या आरे वसाहतीत गोठ्याच्या सांडपाण्यावर वर्षानुवर्षं हेच घेतलं गेलं. वरच्या कुठल्या तरी तबेल्यातून एखादी कांडी नाल्याने वाहत आली असणार आणि शेणामुताच्या पाण्यावर फोफावली असणार.

काका बराच वेळ काही बोलले नाहीत. ज्या गवताचं कौतुक त्यांनी फोनवर भाच्याला कळवलं होतं, ते त्याचं नव्हतंच.

चुकीच्या ओळखीने काय होऊ शकतं याचा हा धडधडीत नमुना आहे. आणखी महिनाभर मी गेले नसते तर 'शीळला ब्रोम होतं' ही बातमी दिवा-मुंब्र्यापर्यंत पोचली असती आणि त्यावर विसंबून कुणीतरी पैसे घातले असते.

जे उठत नव्हतं ते

खरं ब्रोम नाल्यापासून दूर, उंचवट्यावर होतं. बोटभर उंचीची विरळ रोपं. पिवळट टोकं, खाली दोनतीन फुटवे. मी जमिनीवर बसून एक रोप हातात घेतलं आणि मला खरोखर आनंद झाला.

ब्रोमच्या दोन खुणा अशा आहेत की फुलोरा नसतानाही ते ओळखता येतं. पहिली, पानाची खोळ. पॅरामध्ये ती उघडी होती, पण ब्रोममध्ये ती नळीसारखी बंद असते, जवळजवळ वरच्या टोकापर्यंत. कापडी पिशवीत काडी घालून पिशवी शिवून टाकावी तशी. नखाने कड शोधली तर सापडत नाही, ओढलं तर फाटते. दुसरी खूण पानावरची. पात्याच्या मध्याच्या आसपास आडवी दबलेली एक नक्षी दिसते, अगदी रोमन लिपीतल्या 'डब्ल्यू' अक्षरासारखी. काकांच्या सुनेने ती मोबाइलच्या भिंगातून पाहिली आणि मग प्रत्येक रोपावर शोधत सुटली.

शास्त्रीय नाव ब्रोमस इनर्मिस. इनर्मिस म्हणजे निःशस्त्र, आपल्या भाषेत बिनकुसळी. ब्रोमच्या बऱ्याच भाऊबंदांच्या दाण्याला लांब कुसळ असतं आणि ते जनावराच्या हिरडीत, डोळ्यात रुततं. आपल्या डोंगरावरच्या कुसळी गवताने गुराख्यांना जो ताप दिला आहे, तोच. या जातीला कुसळ नसतं किंवा अगदी बारीक असतं, म्हणून ती चाऱ्यात आली. गुरं ते आवडीने खातात. जमिनीखालून आडवी खोडं धावतात, त्यांवर डोळे फुटतात आणि शेत गालिच्यासारखं भरून येतं. प्रथिनांचा आकडाही खोटा नाही. तुरा पोटरीत असतानाच कापलं तर सुक्या वजनाच्या १५ टक्क्यांच्या आसपास प्रथिनं सहज मिळतात. मात्र बी धरेपर्यंत थांबलं की तोच आकडा निम्म्यावर येतो. पाकिटावर छापलेलं प्रथिन कापणीच्या दिवसावर अवलंबून असतं, हे चारा विकत घेणाऱ्या प्रत्येकाने लक्षात ठेवावं.

कापायची वेळही नाजूक. ब्रोम कांड्यावर येतं तेव्हा वाढीचा शेंडा काडीबरोबर वर चढतो. त्याच सुमाराला विळा लावला तर शेंडा जातो आणि तळाचे डोळे अजून तयार नसतात. मग झाड महिनाभर सुन्न बसून राहतं. म्हणून जिथे ते पिकतं तिथले शेतकरी तुरा बाहेर पडू लागेपर्यंत थांबतात.

शीळच्या रोपांवर अर्थात कांड्यावर येण्याची वेळच आली नव्हती, आणि येणारही नव्हती. ब्रोमला तुरा धरायला आधी थंडीचा आणि आखूड दिवसांचा काळ लागतो, मग लांबलचक दिवस. सॅस्काटूनला जूनमध्ये दिवस साडेसोळा तासांहून मोठा असतो. आपला सर्वांत मोठा दिवस सव्वातेरा तासांचा. चाऱ्याला तुरा हवाच असं नाही, तेव्हा हे काही मुख्य कारण नव्हे. मुख्य कारण उष्णतेचं.

"भात पण तसाच ना मग?"

काकांनी पहिलं बी मृगाच्या पावसावर टाकलं होतं. ते उगवलंही असेल, पण ब्रोमचं रोप सुरुवातीला फार संथ. जूनमध्ये आपली तणं आठ दिवसांत वीतभर होतात. ब्रोम त्यांच्याखाली गुदमरलं. उरलेलं बी तबेल्यातल्या पत्र्याच्या पेटीत राहिलं, सगळा पावसाळा दमट हवेत आणि उकाड्यात. नोव्हेंबरात त्यातलं टाकलं. पेटीत मूठभर शिल्लक होतं. त्यातले १०० दाणे मोजून आम्ही ओल्या गोणपाटात गुंडाळले आणि सावलीत ठेवले. दोन आठवड्यांनी ४१ दाण्यांना मोड आले होते. म्हणजे निम्म्याहून जास्त बी पेटीतच मेलं होतं, आणि जे जिवंत होतं ते आता पुढे रडत होतं.

का रडत होतं हे मी काकांना ओट्यावर बसून समजावलं.

ऊस, मका, ज्वारी, नेपियर नावाचं चाऱ्याचं गवत ही एका घराण्याची, तर गहू, ओट, ब्रोम ही दुसऱ्या घराण्याची. दोघंही हवेतला कार्बन डायऑक्साइड धरून साखर करतात, पण धरण्याची तऱ्हा वेगळी. गव्हाच्या घराण्यात हे काम करणारं विकर, म्हणजे एन्झाइम, तापमान वाढलं की चुकायला लागतं. कार्बन डायऑक्साइडऐवजी प्राणवायू पकडतं, आणि ती चूक निस्तरण्यात केलेली कमाई जाते. उसाच्या घराण्याने यावर तोड काढली आहे. ते आधी वेगळ्या विकराने वायू पकडतात आणि पानाच्या शिरांभोवतीच्या खास पेशींत कोंडून मग त्या चुकऱ्या विकरापुढे ठेवतात. ऑस्ट्रेलियात उसावर काम करताना हॅच आणि स्लॅक या दोघांनी १९६६ मध्ये हा मार्ग मांडला. म्हणून ब्रोम २० अंशांच्या आसपास खुशीत असतं आणि नेपियर ३० च्या पुढे.

काकांनी लगेच विचारलं, "भात पण गव्हातलाच की उसातला?"

गव्हातला.

"मग तो कसा होतो इथं? बापजाद्यांपासून लावतोय आम्ही."

वर्गात इतका नेमका प्रश्न मला कमी वेळा मिळालाय. खरंच, कार्बन धरायची तऱ्हा तेवढी पाहिली तर भात आणि ब्रोम एकाच ओळीत बसतात. फरक जन्मगावाचा आहे. भात उष्ण, ओल्या प्रदेशात घडला. त्याची पानं, त्याची मुळं त्या हवेला सरावलेली. शिवाय तो एका हंगामाचा पाहुणा, चार महिन्यांत संसार आटोपतो. ब्रोम हिवाळ्यासाठी घडलेलं आहे. बर्फाखाली सहा महिने काढायचे म्हणून ते फ्रुक्टन नावाची साखरेची साखळी बुंध्यात आणि जमिनीखालच्या खोडात साठवून ठेवतं. तीच त्याची पुंजी. थंड रात्रीत झाड श्वासापुरतं खर्चतं आणि पुंजी टिकते. तापमान १० अंशांनी वाढलं की श्वसनाचा खर्च साधारण दुप्पट होतो. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये रात्रीही पारा २५ अंशांच्या खाली फारसा उतरत नाही. दिवसा कमाई नाही आणि रात्रभर खर्च. तिकडच्या उन्हाळ्यातही ब्रोम जुलै-ऑगस्टच्या गर्मीत सुस्तावतं, मग गारवा आला की उठतं. इथे तो गारवा येतच नाही. जानेवारीतल्या पहाटे गार असल्या तरी दुपारी ऊन ३० च्या पुढे जातं.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. काकांना हिरवं हवं होतं मार्च ते मे, म्हणजे हे गवत ज्या हवेत मिटून बसतं, नेमक्या त्याच हवेत. भाच्याने प्रथिनं पाहिली, टिकाऊपणा पाहिला, पण आपल्या गव्हाणीत कुठल्या महिन्यात काय कमी पडतं याच्याशी ते ताडून पाहिलं नाही. मला या प्रकरणात सांगायचं आहे ते एवढंच. हिमाचल-काश्मीरच्या उंच भागात थंड हवेच्या गवतांना जागा आहे. तिथे हाच भाचा शहाणा ठरला असता.

माझी चूक

सगळं कळत असूनही मी काकांना म्हटलं, "हा उंचवटा मार्चअखेर असाच राहू द्या." ब्रोम इथे नेमकं कसं मरतं ते मला पाहायचं होतं. दर पंधरवड्याने जाऊन मी फुटवे मोजत होते. फेब्रुवारीअखेर पानांची टोकं आत वळली. मार्चच्या मध्यात नवीन फुटवा येणं थांबलं. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात आम्ही खणून पाहिलं तेव्हा जमिनीखालची खोडं पोटात तपकिरी आणि पोकळ होती. अभ्यास म्हणून ते मोलाचं होतं. पण ते अडीच महिने मी काकांच्या जमिनीचे घेतले. फेब्रुवारीत तिथे दुसरं काही लागलं असतं तर मेमध्ये एक कापणी मिळाली असती. त्यांनी एका शब्दाने बोलून दाखवलं नाही. मला मात्र ते बोचतं, म्हणून इथे लिहिलं.

चार गुंठे म्हणजे किती चारा

एप्रिलच्या त्या संध्याकाळी आम्ही सुनेच्या वहीत हिशेब मांडला. हा हिशेब बी आणण्याआधी व्हायला हवा होता.

ब्रोम जिथे चांगलं पिकतं तिथे हेक्टरी ५ ते ८ टन वाळलेलं गवत देतं. चार गुंठ्यांना ते २०० ते ३२० किलो होतं. साडेचारशे-पाचशे किलोच्या म्हशीला दिवसाला साधारण १२ किलो सुका चारा लागतो. म्हणजे शीळ उद्या सॅस्काटून झालं तरी त्या चार गुंठ्यांवर एक म्हैस महिनाभरही निघत नाही. सहा जनावरांना चारेक दिवस.

पाण्याखालच्या संकरित नेपियरचं वर्षाला हेक्टरी दीडशे-दोनशे टन हिरवं धरलं तर याच जागेत ६ ते ८ टन येतं. जनावरामागे रोज १५ किलो हिरवं पेंढ्याला जोड म्हणून द्यायचं ठरवलं, तर सहा जनावरांना ९० किलो. सव्वादोन ते तीन महिने. कमी पडणारे महिनेही तितकेच होते. फक्त नेपियर सगळं उन्हाळ्यात येत नाही. ते पावसाळ्यात अंगावर येतं, जेव्हा बांधावर फुकटचं हिरवं असतंच.

म्हणून तीन गोष्टी ठरल्या. तीन गुंठ्यांत नेपियर, दोन डोळ्यांच्या कांड्या, ९० बाय ६० सेंटिमीटरवर, सरींच्या मध्ये चवळी. पहिली कापणी अडीच महिन्यांनी, नंतर दर दीड महिन्याने. कोवळं लुसलुशीत कापायचा मोह टाळायचा, कारण त्यात ऑक्झलेट जास्त असतं आणि ते कॅल्शियम अडवतं. पाऊस ओसरल्यावर येणारी कापणी दिवसभर सुकवून, कुट्टी करून, गुळाचं पाणी शिंपडून पिशव्यांत दाबून मुरघास करायचा आणि तो होळीनंतर उघडायचा.

दुसरी गोष्ट पेंढ्याची, आणि माझ्या मते सगळ्यांत जास्त फरक हिने पडला. भाताच्या पेंढ्यात प्रथिनं तीनचार टक्केच. १०० किलो पेंढ्याला ४ किलो युरिया ४०-५० लिटर पाण्यात पूर्ण विरघळवून थराथराने शिंपडायचा, पायाने दाबायचा, ताडपत्रीने हवाबंद झाकायचा आणि २१ दिवस हात लावायचा नाही. उघडल्यावर पसरून वास जाऊ द्यायचा आणि मगच गव्हाणीत. युरियाचा खडा राहिला तर विषबाधा होते, म्हणून विरघळवायचं काम काकूंनी स्वतःकडे घेतलं. पारडीला सहा महिन्यांची होईपर्यंत यातलं काही घालायचं नाही.

तिसरी, उरलेल्या गुंठ्यात नोव्हेंबरला ओट. ही माझी हौस होती हे कबूल करते. ब्रोम हे नावच मुळात ओटसाठीच्या ग्रीक शब्दावरून आलं आहे. ओटही थंडीचं, पण एका हंगामाचं. त्याला आपला उन्हाळा सोसायची गरज पडत नाही. जानेवारीत एक चांगली कापणी मिळाली. दुसरी फेब्रुवारीच्या उन्हाने अर्धवट राहिली. यंदा तिथे मका करायचं चाललंय, आणि मी आग्रह धरणार नाही.

नाल्याकाठचं पॅरा आहे तिथेच ठेवलं, वाढू मात्र देत नाही. त्या पाण्यात शेणामुताचा नत्र फार, आणि अशा पाण्यावरच्या गवतात नायट्रेट साठतं. ते एकटं पोटभर घालायचं नाही, पेंढ्यात मिसळून थोडं थोडं.

भाच्याला सगळं मीच कळवलं. पॅराच्या आणि ब्रोमच्या खोळीचे फोटो शेजारी शेजारी ठेवून पाठवले. त्याने तिकडच्या शेतावर जाऊन बंद खोळ स्वतः तपासली आणि 'डब्ल्यू'चा फोटो परत पाठवला. उरलेलं मूठभर बी काकूंनी चुलीत घातलं.

तबेल्याच्या भिंतीवर दूधवाल्याचं कॅलेंडर आहे. ज्या दिवशी हिरवं किंवा मुरघास गव्हाणीत पडला त्या तारखेला सून हिरव्या पेनाने टिंब देते. या वर्षी मार्च आणि एप्रिल भरले. मेच्या शेवटच्या अकरा तारखा कोऱ्या राहिल्या. नाला आटला होता, नेपियरला पाणी मिळालं नाही आणि मुरघासाच्या पिशव्या संपल्या होत्या. काकूंनी पुढच्या खेपेला आठ पिशव्या जास्त भरायचं ठरवलंय आणि त्यासाठी भाताच्या झोडणीआधीच कुट्टीचं यंत्र दोन दिवस भाड्याने सांगून ठेवलंय.